जोडीला बसलेली

१

गॅरेजात त्याला पेंटर म्हणत आणि घरीदारीही तेच नाव चिकटलं होतं. पेंटर म्हणजे गाड्यांचा. ठोकलेली, चेपलेली, खरचटलेली गाडी त्याच्याकडे यायची आणि परत जाताना मालकच बुचकळ्यात पडायचा, की बाबा, ठोकली होती ती डावीकडून का उजवीकडून. रंग जुळवण्यात त्याचा हात धरणारा त्या वस्तीत कुणी नव्हता. उन्हापावसाने विटलेल्या जुन्या दाराशेजारी तो नवा पत्रा असा काही रंगवायचा, की नवासुद्धा तितकाच विटका दिसावा. खरं कसब ते. चकचकीत काय, कुणीही करून देतं.

त्याला एकच लेक. बायको फार लवकर गेली, पोर नुकती पावलं टाकायला लागली होती तेव्हा. वेणी घालण्यापासून ताप उतरवण्यापर्यंत सगळं पेंटरनेच केलं. पोरीला तो भिंगरी म्हणायचा, आणि तिचा स्वभाव बघता दुसरं नाव शोभलंही नसतं. बसली तरी पाय हलायचा, झोपली तरी दर थोड्या वेळाने कूस बदलायची, आणि तोंडाचा पट्टा तर विचारू नका. बस आगारात चौकशीच्या खिडकीत तिला नोकरी लागली तेव्हा पेंटर म्हणाला होता, चला, बोलण्याचाच पगार देणारी एक तरी जागा जगात निघाली.

तर या भिंगरीचं लग्न ठरलं. मुलगा तिनेच शोधलेला, अगदी मितभाषी. घरात कुणीतरी ऐकणारंही लागतंच. लग्न साधं, नोंदणीचं, मग एका हॉलमध्ये जेवण. पेंटरची थोरली बहीण, म्हणजे भिंगरीची आत्या, जवळच राहायची. तिने बाकी सगळं मान्य केलं, पण नवरीच्या मेकअपला चांगली बाई बोलवायचीच, असं ठामपणे सांगितलं. पेंटर चहा पीत होता. कप खाली ठेवून तो म्हणाला, "माझ्या पोरीला दुसऱ्या कुणी रंग लावायचा नाही."

आत्याने कपाळाला हात लावला. भिंगरी पोट धरून हसली, मी काय बंपर आहे का म्हणाली, आणि मग एकदम हसायची थांबून तिने अट घातली, की आधी रीतसर शिकून ये, मग काय रंगवायचं ते रंगव.

पेंटरला खरं तर मेकअपचं काहीच पडलेलं नव्हतं. ती जाणार, हे त्याला सोसत नव्हतं. दाराला कुलूप लावून कामावर जायचं आणि संध्याकाळी तेच कुलूप आपणच काढायचं, हे त्याला नको वाटायचं. जाण्याआधी पोरीचा चेहरा एकदा आपल्या हाताखालून जावा, एवढंच त्याला हवं होतं. पण हे बहिणीला कोण सांगणार? त्यापेक्षा हट्टी म्हणवून घेतलेलं बरं.

२

'नवशिक्यांसाठी संपूर्ण मेकअप' अशी पाटी असलेला वर्ग चपलांच्या एका दुकानावरच्या लांबट खोलीत, शनिवारी दुपारी भरायचा. जिन्यात नव्या चामड्याचा वास, वर ट्यूबलाइटची घरघर आणि समोरासमोर मांडलेल्या खुर्च्या. सगळ्या बायकाच. पेंटर दारात आला तेव्हा त्यांना वाटलं, हा कुणाला तरी सोडायला आलाय.

शिकवणाऱ्या मॅडम गोड बोलायच्या, पण नजर करडी. त्यांनी पहिलाच प्रश्न विचारला, रंगाच्याही आधी तोंडाला काय लावतात? कुणाला येईना. पेंटर म्हणाला, प्रायमर. कशासाठी, असं विचारल्यावर म्हणाला, पत्र्याने रंग पिऊ नये म्हणून. खोली खदखदून हसली. मॅडम म्हणाल्या, उत्तर अगदी बरोबर आहे, फक्त पत्र्याच्या जागी त्वचा म्हणा. तेव्हापासून पेंटरचा वर्गात जम बसला.

मॅडमची एक पद्धत होती. आपल्याच तोंडावर शिकायचं नाही. आरशात डावं-उजवं होतं आणि नवशिक्याचा हात फसतो, म्हणून जोड्या लावायच्या आणि समोरचीच्या चेहऱ्यावर हात बसवायचा. आता परक्या पुरुषापुढे चेहरा कोण धरणार? बायकांनी पटापट एकमेकींचे हात धरले. पेंटर ब्रश घेऊन अवघडून उभा, तेवढ्यात खिडकीपाशी बसलेली एक मुलगी उठली आणि येऊन त्याच्या समोरच्या खुर्चीत बसली. भिंगरीच्याच वयाची असेल. तिने डोळे मिटले आणि चेहरा वर केला.

पेंटरला हायसं वाटलं. ही मॅडमची मुलगी असावी, असं त्याने धरलं. वर्गात कुणी एकटं उरलं तर जोडीला बसायला ठेवलेली. नाव विचारायचा धीर काही झाला नाही.

त्या दिवशी फाउंडेशनची छटा निवडायची होती. जबड्याच्या कडेला चार छटांच्या रेघा ओढायच्या आणि जी रेघ त्वचेत विरून जाईल ती आपली मानायची. म्हणजे रंगच जुळवायचा, पेंटरचं रोजचं काम. त्याने पहिली रेघ ओढली, ती विरली. दुसरी गडद होती, तीही विरली. तिसरी तर गोरीपान, तिचाही मागमूस राहिला नाही. चौथीचंही तेच. पेंटर चक्रावला. सगळे रंग जुळणारा पत्रा त्याने जन्मात पाहिला नव्हता. मग त्याने ट्यूबलाइटला दोष दिला, असल्या उजेडात रंग बघूच नयेत असं स्वतःला बजावलं, आणि भिंगरीला शोभेल ती छटा उचलली. शिकतोय तिच्यासाठी, तर तिचीच बरी.

जिना उतरताना तो त्या मुलीचा चेहरा आठवायला लागला. कित्येक वर्षांपूर्वीच्या गाडीचा रंग त्याला डोळे मिटून सांगता यायचा, पण हा चेहरा काही केल्या येईना. वय झालं, दुसरं काय.

३

दुसऱ्या दिवशी सुट्टी होती. पेंटरने भिंगरीला खिडकीपाशी खुर्चीत बसवलं आणि कालचा धडा तिच्यावर गिरवायला घेतला. बसवलं म्हणायचं आपलं. ती फोन बघत होती, आत्याला हाका मारत होती, आगारात कोणत्या म्हातारीने कोणत्या बसवरून भांडण काढलं ते दोन्ही हातांनी सांगत होती. हलू नकोस, हलू नकोस करता करता पेंटरचा घसा सुकला आणि अर्धं फाउंडेशन तिच्या कानात गेलं. तिघंही हसून बेजार झाली.

मात्र काम करताना त्याला एक जाणवलं. भिंगरीच्या हनुवटीवर कायम एखादी तरी पुळी असायची, ती गेली होती. नाकावरचे बारीक ठिपकेही नव्हते. बोटाखाली सगळं कसं एकसारखं लागत होतं. त्याने तसं म्हटल्यावर आत्या कौतुकाने म्हणाली, लग्न ठरल्याचं तेज असतं ते, तुम्हा पुरुषांना काय कळणार.

पेंटरलाही पटलं. पुट्टी भरायचं काम वाचलं म्हणून तो खूशच झाला.

४

भुवयांच्या धड्याला मॅडम खोलीतून फिरत गमतीने म्हणाल्या, की नवशिकी बाई समोरचीच्या भुवया कधीच काढत नाही, ओळखीच्या काढते. आणि खरंच, बँकेत काम करणाऱ्या एका बाईने समोरचीला आपल्यासारख्या कमानी काढून ठेवल्या होत्या, आणि तिच्या समोरचीनेही तोच घोळ घातला होता. एकच हशा उसळला. पेंटरपाशी येऊन मात्र मॅडम थांबल्या. मान डुलवत म्हणाल्या, "पेंटरकाकांनी बरोबर केलं. आहेत तशाच काढल्यात."

पेंटरने मागे सरून पाहिलं. डावी भुवई शेवटाला किंचित वर उचललेली, कुणी काही विचारल्यावर उचलावी तशी. ती भिंगरीची होती. ओळखीची भुवई त्याच्याही हातून उतरली होती. मॅडमना ती ओळख दिसणार कशी? पण मग आहेत तशाच, असं का म्हणाल्या? पेन्सिल टेकवण्याआधी तिथे काय होतं, हे तो आठवू लागला. भुवया असणारच. भुवया कुणाला नसतात? समोरची मुलगी स्वस्थ बसली होती. तिचा श्वाससुद्धा हाताला लागत नव्हता, इतकी शहाणी पोर.

घरी आला तर भिंगरी आरशापुढे उभी राहून कुणाच्या तरी नावाने बोटं मोडत होती. भुवया कोरणाऱ्या बाईला जरा नीट कर म्हणून सांगितलं, तर तिने त्या कोरल्या की पुसल्या, असं तिचं म्हणणं. खरंच, दोन पुसट रेघा तेवढ्या उरल्या होत्या. आत्याने त्या बाईला दुरूनच चार शिव्या हासडल्या. पेंटरही त्यांच्याबरोबर हसला. नंतर बेसिनपाशी तो बराच वेळ हात धूत राहिला, बोटांना पेन्सिलचा रंग नसतानाही.

५

डोळ्यांच्या धड्याची सगळ्यांनीच धास्ती घेतली होती. ब्रश जवळ आला की पापणी फडफडते आणि नवशिक्याच्या नाकी नऊ येतात. खोलीभर बायका एकमेकींची माफी मागत होत्या, कुणाच्या डोळ्यातून काळं पाणी वाहत होतं. पेंटरच्या जोडीदारणीची पापणी हललीच नाही. आधी हलका रंग, मग कडेला गडद, मग काळी रेघ. त्याचा हात लोण्यातून जावा तसा गेला. आपण मुळात याच कामासाठी जन्मलो की काय, असं त्याला वाटायला लागलं.

मग मॅडम म्हणाल्या, आता सगळ्यांनी डोळे उघडा.

इतक्या शनिवारांत तिने पहिल्यांदाच डोळे उघडून त्याच्याकडे पाहिलं.

भिंगरी लहान असताना शेजारच्या आजींकडे राहायची. पेंटर संध्याकाळी कोपऱ्यावरून वळला की खिडकीत तिचे डोळे दिसायचे, दिवसभर वाट बघून थकलेले आणि त्याला बघताच भरून आलेले. पोर मोठी झाली, मैत्रिणी आल्या, नोकरी आली, आणि ती नजर कधी गेली ते त्याला कळलंही नव्हतं. ती आता त्याच्यासमोर हातभर अंतरावर होती. अंगावर काटा यायला हवा होता. तो आला नाही. पेंटरला आनंद झाला, अगदी मनापासून झाला, आणि तो शीळ घालत घरी गेला.

त्या संध्याकाळी भिंगरी फार उशिरा आली. चुकीच्या बसमध्ये चढली होती. सगळ्या गावाला बस सांगणारी मुलगी स्वतः भलत्याच टोकाला जाऊन उतरली, यावर तीच सगळ्यात जास्त हसली. पाटीवरचे आकडे नीट दिसलेच नाहीत, म्हणाली. दुसऱ्या दिवशी आत्या तिला डोळ्यांच्या डॉक्टरकडे घेऊन गेली. डॉक्टर म्हणाले, डोळे निरोगी आहेत, पण दिसत नाही म्हणते तर चष्मा लावू. लग्नाच्या तोंडावर चष्मा लागला म्हणून आत्या हळहळली. पेंटर म्हणाला, फोन फार बघते ती. हे बोलताना त्याने भिंगरीकडे पाहिलं नाही.

६

गालांवर लाली चढवायचा धडा झाला आणि सगळे निघाले. जिन्याच्या तोंडाशी मॅडमनी पेंटरला थांबवून त्याचं कौतुक केलं. इतकी वर्षं शिकवते आहे, म्हणाल्या, पण नवरीला स्वतः घेऊन येणारा बाप पहिल्यांदाच बघितला; लेक अगदी तुमच्यावर गेलीय हो.

पेंटर म्हणाला, "माझी लेक? ती कधी इथे आलीच नाही. मी त्या मुलीला तुमची समजत होतो."

मॅडम हसल्या. पेंटरकाकांच्या विनोदांची त्यांना सवय झाली होती. त्या म्हणाल्या, "काहीतरीच काय, तुमच्याबरोबर तर येते आणि तुमच्या मागोमाग जाते." आणि त्यांनी हनुवटीने त्याच्या पाठीमागे खूण केली. ती जिन्याच्या पहिल्या पायरीवर उभी होती, त्याच्यासाठी थांबल्यासारखी. गालांवर त्यानेच नुकती चढवलेली लाली होती.

पेंटर तिच्या अंगाला अंग न लावता खाली उतरला आणि पुढचा सगळा रस्ता त्याने मागे वळून पाहिलं नाही. घरी भिंगरी पलंगावर पडून होती. गाल पांढरेफटक. दगदग होतेय पोरीची, आत्या म्हणाली.

पेंटर ओट्याशी उभा राहून विचार करत राहिला. दगदग होतीच. भुवया त्या बाईने बिघडवल्या होत्या. चष्मा कुणाला लागत नाही? प्रत्येक गोष्टीला कारण होतं, आणि कारणं सगळी खरीही वाटत होती. वाईट एवढंच, की ती ज्या क्रमाने घडली तो क्रम त्याला पाठ होता. कुणाला सांगावं तर लोक म्हणणार, रंगाचा वास डोक्यात गेला. आणि मनाच्या तळाशी दुसरं एक होतं, ते त्याला स्वतःलाही कबूल करवत नव्हतं: ती नजर पुन्हा बघायला त्याचं मन ओढ घेत होतं.

शेवटी त्याने ठरवलं, बस झालं. पुढचा धडा ओठांचा, तो शेवटचा. त्याला जायचंच नाही. ओठ काय, कुणालाही रंगवता येतात. त्या शनिवारी दुपारी तो गॅरेजात एक जुनी व्हॅन घासत बसला. हात घासत होते आणि डोळ्यांपुढे मात्र ती लांबट खोली होती, आणि तिथे कुणीतरी चेहरा वर करून, कुणाशीही जोडी न लावता, त्याची वाट बघत बसलेलं होतं.

७

पुढच्या दिवसांत काहीच वावगं घडलं नाही. भिंगरी चष्म्यातून जग बघत होती आणि पूर्वीइतकीच बडबडत होती. उलट लग्नाच्या आदल्या दिवशी मैत्रिणींशी बोलून बोलून तिचा घसा बसला. आत्याने दम भरला, की सह्या होईपर्यंत तोंडातून अक्षर काढलंस तर याद राख. पेंटरला वाटलं, चला, उद्या निदान काम तरी शांतपणे होईल.

लग्नाच्या सकाळी घर गजबजलेलं होतं. बाहेरच्या खोलीत आत्या इस्त्रीवाल्यापासून गाडीवाल्यापर्यंत सगळ्यांवर ओरडत होती. पेंटर अंघोळ करून, नवा शर्ट घालून, ब्रशांची पेटी घेऊन आतल्या खोलीत आला आणि त्याने दार लावून घेतलं. खिडकीपाशी खुर्चीत ती बसलीच होती, खांद्यांभोवती पांढरा टॉवेल, चेहरा वर, डोळे मिटलेले.

तो कामाला लागला. प्रायमर, फाउंडेशन, डोळ्यांखाली हलका हात. खिडकीतून सकाळचा तिरका उजेड येत होता. रंग बघायला याहून चांगला उजेड नाही. त्याचा हात असा काही चालला, की त्याचं त्यालाच नवल वाटलं. कुठे ठिपका नाही, कुठे कड नाही. भुवया एका दमात उतरल्या. डोळ्यांची रेघ न थरथरता टोकाला गेली. काम करता करता तो तिला समजावत होता, की रोज फोन कर, नवऱ्याला बोलू देत जा मधूनमधून, आणि माझी काळजी करू नकोस, माझं काय, मी मजेत राहीन. हे म्हणताना तो दुःखी नव्हता. आयुष्यात इतकं सुरेख काम त्याच्या हातून झालं नव्हतं, आणि ते पोरीच्याच चेहऱ्यावर झालं होतं. आणखी काय हवं असतं माणसाला?

ओठ तेवढे राहिले. त्याने बारीक ब्रश रंगात बुडवला आणि पुढे वाकला.

तेवढ्यात खोलीला लागून असलेल्या न्हाणीघराच्या बंद दारामागून बसक्या आवाजात भिंगरी म्हणाली, "बाबा, आलास का तू? पाणीच तापत नव्हतं. आणि माझा चष्मा बघ ना रे कुठे आहे, मला काही म्हणजे काही दिसत नाहीये."

८

पेंटर ओरडला नाही. हातातला ब्रश त्याने पाडला नाही, कारण इतक्या वर्षांत ओला ब्रश त्याने कधी पाडलेला नव्हता. इतका वेळ पोर एकदाही हलली नाही, आणि काम इतकं छान का होतंय हे आपण विचारलंही नाही, एवढंच त्याच्या डोक्यात आलं.

मग त्याने, ओठ जिथे असतात तिथे, पहिल्यांदा नीट पाहिलं. काय पाहिलं ते त्याने पुढे कधी कुणाला सांगितलं नाही. आणि ती हलली, ब्रशाखाली पहिल्यांदाच: रंगवलेला चेहरा इंचभर पुढे आला, ब्रशाच्या टोकाकडे.

दाराआड भिंगरी चाचपडत काहीतरी पाडत होती आणि स्वतःशीच हसत होती. पेंटरने ब्रश पेटीत ठेवला. कापसाचा मोठा बोळा घेऊन मेकअप काढायच्या तेलात बुडवला आणि तिच्या गालावर टेकवला.

स्वतःचं काम स्वतः खरवडण्याइतकं जिवावर येणारं काम नाही, रंगकाम करणाऱ्या कुणालाही विचारा. पण त्याने खरवडलं. लाली गेली, मग भुवया गेल्या, मग कपाळ, हनुवटी, सगळं. कापसाखाली जे उघडं पडत होतं तिकडे तो बघत नव्हता. ती प्रतिकार करत नव्हती. आत भिंगरीचा आवाज मोकळा व्हायला लागला होता, ती गुणगुणत होती.

उरले डोळे. त्याने नवा बोळा घेतला, आणि तिने डोळे उघडले.

तीच नजर. कोपऱ्यावरून वळणाऱ्या बापाकडे खिडकीतून बघणारी. ती बघत राहिली, आणि खालच्या पापणीवर पाणी साचायला लागलं. पेंटरचा हात तिथेच राहिला. ही पोर नाही, हे त्याला कळत होतं. पण आज दुपारनंतर या घरात त्याची वाट बघणारं कुणी नसणार, हेही कळत होतं.

बाहेरून आत्याने दार बडवलं, गाडी आली म्हणून. पेंटरने तोंड फिरवलं.

न्हाणीघराचं दार उघडून भिंगरी बाहेर आली. ओले केस, लालबुंद गाल, दाट भुवया आणि हनुवटीवर टपोरी पुळी. ती पुळी बघून पेंटरचा जीव भांड्यात पडला, त्याने तिला मिठीच मारली. मागे वळून पाहिलं तेव्हा खुर्चीवर नुसता टॉवेल होता. मेकअपला आता वेळ कुठला? त्याने घाईघाईने तिच्या ओठांना तेवढा रंग लावला, तोही ती बोलत असल्यामुळे जरा पसरला. चष्मा लावून, नाक कागदाला टेकेल इतकी वाकून तिने सही केली. सगळे म्हणाले, नवरी कशी साधी आणि गोड दिसतेय. जावई तिच्याकडे बघून नुसता हसत होता. पेंटर पोटभर जेवला.

९

संध्याकाळी कुलूप त्याने आपणच काढलं. पण आत आला आणि त्याला कळलं, की घर रिकामं नाही.

आतल्या खोलीत, खिडकीजवळच्या खुर्चीच्या वर, माणूस बसल्यावर चेहरा असतो तेवढ्या उंचीवर, ते डोळे होते. बाकी काही नव्हतं, किंवा असलं तरी त्याने तिकडे पाहिलं नाही. पेंटर उंबऱ्यात उभा राहिला. मग त्याने चपला काढल्या, दिवा लावला आणि चहा टाकला.

माणसाला कशाचीही सवय होते. काही आठवड्यांत पेंटर पुन्हा शीळ घालायला लागला. गॅरेजातून तो आता वेळेवर निघायचा. कोपऱ्यावरून वळला की मान वर करायचा आणि खिडकीत त्याला हवं ते दिसायचं. जेवताना तो दिवसभराचं सांगायचा आणि ते डोळे ऐकल्यासारखे बघत राहायचे. आत्याला वाटलं होतं भाऊ खंगेल, तर तो चांगला बाळसेदार झाला.

भिंगरीचा रोज फोन यायचा. सुरुवातीला हसण्यावारीच चाललं होतं: चष्म्याचा नंबर वाढला, मग परत वाढला, डॉक्टर डोकं खाजवतात, आगारात तिला खिडकीवरून उठवून आतल्या कामाला बसवलंय. पेंटर म्हणायचा, दुसरा डॉक्टर बघू. फोन ठेवल्यावर तो कापसाच्या पुडक्याकडे बघायचा, आणि मग दुसरीकडे बघायचा.

एका संध्याकाळी फोन आला तेव्हा भिंगरी हसत नव्हती.

"बाबा, आज सकाळी तो माझ्यासमोर उभा होता आणि मला दिसलाच नाही रे. आवाजावरून कळलं मला, तो आहे म्हणून." ती थोडा वेळ गप्प राहिली. भिंगरी गप्प राहिली. मग म्हणाली, "मला भीती वाटते. सगळीकडे अंधार झाल्यासारखा वाटतो. तू ये ना."

पेंटर म्हणाला, येतो, उद्याच येतो, आणि येण्याआधी काय करायचं ते मला माहितेय, तू बिलकूल घाबरू नकोस. हे तो अगदी खरं बोलला. फोन ठेवून त्याने कापूस घेतला, तेलाची बाटली घेतली, बोळा भिजवला आणि खुर्चीसमोर स्टूल ओढून बसला. हात पुढे केला. डोळ्यांनी मिटायचं नाव घेतलं नाही. ते त्याच्याकडे बघत होते, आणि खालच्या कडेला पाणी साचत होतं. बोळा त्याच्या हातातच वाळला. त्याने तो पुन्हा भिजवला. तोही वाळला.

"आज नको," पेंटर शेवटी म्हणाला. "उद्या सकाळी करू. सकाळचा उजेड चांगला असतो."

बोळा त्याने बाजूला ठेवला आणि तो उठला. खोलीतला दिवा मात्र त्याने मालवला नाही, चालूच ठेवला, तिला अंधारात भीती वाटू नये म्हणून.